मेक्सिकोच्या पाहुण्याला कुस्ती दाखवली

कुस्तीतलं मला बरंच कळतं, असं मी साहेबांना सांगितलं, ती माझी चूक. एका वाक्याची चूक, पण पुरली. खरं एवढंच होतं की लग्नाआधी आम्ही जिथं राहत होतो, तिथं भिंतीपलीकडे तालीम होती. रोज पहाटे धपाधप माणसं पडल्याचे आवाज यायचे आणि भिंतीवरचा आरसा हलायचा. म्हणजे कुस्ती मी पाहिली अशी नव्हतीच. ऐकली होती पुष्कळ.

तेव्हा मी मोहोपाड्याकडच्या एका रसायनांच्या कारखान्यात स्टोअरकीपर होतो. एकोणीसशे सत्तरच्या पुढची वर्षं. कारखान्यात नवं यंत्र बसवायला थेट मेक्सिकोहून एक इंजिनियर आला होता. पन्नाशीचा, ठेंगणा, टक्कल, आणि मिशी अशी की बोलताना ओठ दिसायचेच नाहीत. दिवसभर तो यंत्राशी भांडायचा आणि संध्याकाळी गेस्ट हाऊसच्या पायरीवर एकटा बसायचा. त्याच्या शहरात म्हणे दर आठवड्याला कुस्त्या असायच्या. पैलवान तोंडावर कापडी मुखवटे घालून लढायचे, आणि कुस्तीच्या आधी मंडळी त्यांच्याकडचं जुनं, गावरान पेय प्यायची. तसलं काही इथं आहे का, असं त्यानं साहेबांना विचारलं, साहेबांनी आम्हा सगळ्यांना विचारलं, आणि मी ते वाक्य बोललो.

"मग शनिवारी तुम्हीच घेऊन जा," साहेब म्हणाले. "जीप देतो. यंत्र सुरू होईपर्यंत हा माणूस म्हणेल ती पूर्व."

हे शेवटचं वाक्य मी घरी जाऊन सांगितलं आणि बायकोचे डोळे चमकले. त्याचं कारण सांगायला हवं. आम्ही गावात दोन खोल्या भाड्यानं घेऊन राहत होतो. नळ नव्हता. चैत्र लागला की विहीर तळाला जायची, आणि ही पहाटे चारला उठून हंडे घेऊन रांगेत उभी राहायची. पहिली पाळी नसली की मीही जायचो, असं मी आजवर सांगत आलोय. ही ऐकते आणि पदर तोंडाशी नेते. कारखान्याच्या कॉलनीत तेव्हा एक क्वार्टर नुकती रिकामी झाली होती. खोली, स्वयंपाकघर आणि स्वयंपाकघरात नळ. माझा अर्ज साहेबांच्या टेबलावर चार वर्षं पडून होता.

"पाहुण्यांना साहेब नाही म्हणणार नाहीत," ही म्हणाली. "तुम्ही फक्त पाहुण्यांच्या कानावर घाला. एवढं एकच वाक्य. बोलाल ना?"

"बोलेन की."

"मला बोलून दाखवा."

मी इंग्रजीत बोलून दाखवलं. तिला इंग्रजी येत नव्हतं, तरी तिनं तीनदा म्हणून घेतलं.

शनिवारी पहाटे मी खरंच विहिरीवर गेलो. मग पहिली पाळी केली, दुपारी स्टोअरमध्ये माल उतरवून घेतला, आणि पाच वाजता, लोक झोपायला जातात तशा चेहऱ्यानं, जीपमध्ये मागे बसलो. पाहुणा पुढं, ड्रायव्हरशेजारी. ड्रायव्हर खालापुराकडचाच. त्याला वाट माहीत, जत्रा माहीत, ताडीवाला माहीत. म्हणजे वाटाड्या खरा तोच होता, मी नुसता बोलायला.

खालापूर सोडून कर्जतच्या बाजूला लागलो तोच पाहुणा ओरडला, "थांबा! थांबा!"

"लागली असंल त्यांना," ड्रायव्हर म्हणाला आणि त्यानं गाडी झाडाआड घेतली.

पण पाहुणा रस्त्याकडेच्या कुंपणाकडे धावला. तिथं घायपात लावलेला होता. त्याची पानं तो म्हशीच्या पाठीवर थाप मारावी तशी थोपटायला लागला. मग आम्हाला समजावून सांगायला लागला. त्याचं इंग्रजी आणि माझं इंग्रजी सारखंच लंगडं, त्यामुळे जमलं. त्यांच्याकडे ह्याचाच थोरला भाऊ असतो. त्याचा गाभा कोरतात, खळग्यात पाणी साठतं, ते सकाळ-संध्याकाळ काढतात. दुधासारखं दिसतं, उन्हं कलली की आंबतं आणि फेसाळतं. कुस्तीच्या आधीचं पेय ते हेच. त्याचे वडील रोज घ्यायचे.

मी ड्रायव्हरला सांगितलं. त्यानं एक पान वाकवून पाहिलं.

"आमी त्याची दोरखंडं वळतो, भाऊ. ह्ये पितात?"

ताडीवाल्याचं घर डोंगराच्या पायथ्याशी होतं. म्हातारा नुकताच झाडावरून उतरत होता, कमरेला मडकं. म्हातारीनं खाटेवर गोधडी टाकली. तिनं पाहुण्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि मला विचारलं, "ह्ये कुठलं पावनं?"

"मेक्सिकोचं."

"लांब हाय का?"

"लांब आहे."

"मग बसा की वो निवांत," ती म्हणाली. एवढ्यावर मेक्सिकोचा विषय संपला.

पाहुण्यानं पेला तोंडाला लावला आणि डोळे मिटले. मला वाटलं, बिघडलं काहीतरी. पण त्याच्या मिशीला पांढरा फेस लागला होता आणि तो आपल्या भाषेत हळूहळू काहीतरी पुटपुटत होता. मग माझ्याकडे बघून इंग्रजीत एकच शब्द म्हणाला, "वडील."

म्हाताऱ्यानं न विचारता दुसरा पेला भरला. आता मलाही घेणं भाग होतं. जन्मात घेतली नव्हती. आंबट ताक उन्हात ठेवलेल्या सायकलच्या ट्यूबमधून प्यावं, अशी काहीशी चव. ड्रायव्हरनं पेला बाजूला सारला. "गाडी हाय," म्हणाला. त्या रात्री शुद्धीत असलेला तो एकटाच होता, आणि म्हणूनच पुढं जे झालं ते तो वर्षानुवर्षं सगळ्यांना नीट क्रमवार सांगू शकला.

जत्रेत पोचलो तेव्हा गॅसबत्त्या लागल्या होत्या. पाहुण्याला कोकमाचं सरबत पाजलं, त्यानं मान डोलावली, पण लक्ष सगळं आखाड्याकडे. नांगरलेलं शेत, त्यात तांबडी माती, भोवती माणसांचं कडं. पाहुणा म्हणून आम्हाला पुढं बसवलं. तो विचारी, हा काय डाव? मी सांगे, हा फार जुना डाव आहे. तो विचारी, आता का थांबले? मी सांगे, विचार करतायत. डोळे माझे मिटत होते. ढोल वाजला की उघडायचे. सारखं एकच मनात, ते वाक्य कधी बोलायचं? ताडीच्या खाटेवर बोलायचं होतं, तिथं त्याला वडील आठवले. आता कुस्तीत बोलायचं, तर ढोल.

तेवढ्यात एक जवान पैलवान कडेनं फिरत आला. अंगाला तेल, मुठीत माती. आमच्यासमोर थांबला, वाकला आणि मूठ पुढं केली.

जत्रेत कुणी समोर येऊन मूठ पुढं केली तर काय करायचं, हे मला आईनं लहानपणापासून शिकवलं होतं. मी उजव्या हाताखाली डावा हात धरला, ओंजळ पुढं केली, माती घेतली, डोळ्यांना लावली, कपाळाला लावली. पाहुण्याला म्हटलं, "प्रसाद आहे. तुम्हीही घ्या."

कड्यातून जो आरडाओरडा उठला, तो भिंतीपलीकडून मी कधीच ऐकला नव्हता.

तिथली रीत अशी की जोड मिळत नसली की पैलवान माती घेऊन फिरतो. ज्यानं माती घेतली, त्यानं कुस्ती घेतली. पंच म्हणून बसलेले पिकल्या मिशांचे गृहस्थ माझ्याजवळ आले. माझी पँट, माझा चष्मा, खिशातलं पेन, सगळं त्यांनी सावकाश पाहिलं.

"घेतली ना माती?"

"मला वाटलं प्रसाद."

"देवाचीच माती हाय. पर घेतली ना? चारचौगात?"

"परत देतो."

"आता कशी देनार? कपाळाला लावलीसा की!"

मागून कुणीतरी ओरडलं, "अरं, चश्मेवाल्याला सोडा रं, हाडं गोळा करायला टोपली आना!" आणि माझ्याच जीपचा ड्रायव्हर माझ्या बाजूनं उभं राहायचं सोडून म्हणाला, "इस्टोरचे भाऊ हायेत ते! वजनं उचलतात रोज!"

पाहुण्याला काय झालं ते कळलं आणि त्याला इतका आनंद झाला की विचारू नका. खिशातून त्यानं चादरीएवढा निळा रुमाल काढला, त्याला दाढेखाली धरून दोन भोकं पाडली आणि माझा चष्मा काढून तो माझ्या तोंडावर बांधला. मागं घट्ट गाठ. त्यांच्याकडे म्हणे मुखवट्याशिवाय उतरणं बरं दिसत नाही.

शर्ट काढला, बनियनवर उतरलो. चष्मा नसल्यामुळे समोरचा पैलवान मला दोन पैलवानांसारखा दिसत होता. सलामी झाली. हात हातात आले. त्यानं माझ्या कानाशी येऊन हळूच विचारलं, "दमलाय काय वो काका?"

"पहाटे चारपासून उभा आहे," मी म्हटलं.

"मग पडा," तो म्हणाला.

त्यानं मला उचललं आणि डोक्याखाली एक हात देऊन, आजाऱ्याला गादीवर ठेवावं तसं मातीत ठेवलं. चीत. माती ओली, गार, मऊ होती. ताक, हळद आणि तेलाचा वास येत होता. त्या दिवसात पाठ टेकायला मिळालेली ती पहिली जागा. रुमालाच्या भोकांतून वर तारे दिसत होते, म्हणजे पांढुरका चिखल दिसत होता, पण तारेच असणार. पंचांनी उठा म्हटलं. मी उठलो नाही. पुन्हा म्हटलं. लोकांना वाटलं, मान मोडली. मी नुसता पडून होतो, आणि इतकं बरं वाटत होतं की क्वार्टर, नळ, साहेब सगळं त्या कड्याच्या बाहेर राहिलं होतं. शेवटी त्या पैलवानानंच मला बखोटीला धरून उभं केलं आणि जिंकलेला नारळ माझ्या हातात दिला. हरलेल्यालाही तिथं लोटाभर बदाम घातलेलं दूध देतात. ताडीवर दूध. पुढचं लिहीत नाही.

गेस्ट हाऊसला परत आलो. पाहुणा उतरला आणि त्यानं माझे दोन्ही हात धरले. मातीचे, चिकट. त्याचे डोळे भरले होते. म्हणाला, "तू मला आज माझ्या गावी नेऊन आणलंस. सांग, मी तुझ्यासाठी काय करू? उद्या दुपारी तुझ्या साहेबांकडेच जेवायला आहे. काय हवं ते सांग."

आठवडाभर पाठ केलेलं वाक्य जिभेवर होतं. आणि मी म्हणालो, "नको, नको. काही नको."

आता हे नको कसलं, ते मराठी माणसाला सांगायला नको. पहिलं नको हे नुसतं दार लावल्यासारखं. समोरच्यानं म्हणायचं, असं कसं, काहीतरी सांगाच. मग आपण दुसरं नको जरा हळू म्हणायचं. मग तो म्हणणार, माझी शपथ आहे. मग आपण जमिनीकडे बघत बोलायचं, की आता तुम्ही एवढं म्हणताच आहात तर. एवढं झाल्याशिवाय मागणारा भला आणि देणारा मोठा ठरत नाही. मी उभा राहिलो, त्याच्या 'असं कसं'ची वाट बघत.

त्यानं छातीवर हात ठेवला. मान तुकवली. "समजलं," म्हणाला. आत गेला, दार लागलं, दिवा गेला.

मी तिथंच उभा. ड्रायव्हर म्हणाला, "भाऊ, वळवू का गाडी?"

घरी ही जागी होती. मागच्या दगडावर बसवून तिनं माझ्या पाठीवरची माती धुवायला घेतली. तेलातली माती, पाण्याला दाद देईना. एक हंडा संपला, दुसरा निम्मा झाला. मी जत्रा सांगत होतो, घायपात सांगत होतो, म्हातारी सांगत होतो.

"वाक्य?" तिनं विचारलं.

मी सांगितलं. तांब्या थांबला. तिनं उरलेलं पाणी झाकून ठेवलं, पंचा माझ्या हातात दिला आणि ती आत गेली. ताडीच्या वासाबद्दल एक शब्द नाही. त्यावरून ओळखायला हवं होतं.

मंगळवारी साहेबांनी सगळ्या स्टाफसमोर माझं कौतुक केलं. पाहुणे म्हणाले, तुमच्याकडे एक असा माणूस आहे ज्याला काहीच नको. असा मी दुसरीकडे पाहिला नाही. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. प्रयोगशाळेतला एकजण फार जोरात वाजवत होता. क्वार्टर त्याला मिळाली. त्यानं मागितली होती, सरळ तोंडानं, साहेबांच्या दारात उभं राहून. आम्हाला नळ मिळायला पुढं आणखी तीन उन्हाळे जायचे होते.

हे सगळं मी घरी संध्याकाळी सांगितलं. तिनं ऐकून घेतलं, ताटं वाढली, जेवणं झाली. मग दोन्ही रिकामे हंडे आणून तिनं माझ्या उशाशी ठेवले.

"उद्यापासून विहिरीवर तुम्ही जायचं," ती म्हणाली. "आणि वाटेत कुणी विचारलं, एक हंडा धरू का, तर म्हणा, नको, नको, काही नको."