पळ तू, पाया मी पडीन

आमची पोर म्हणजे माझ्या धाकट्या दिराची मुलगी. मी तिची मोठीआई. तिची आई शेतात धानाच्या रोवण्याला जायची तेव्हा ही माझ्या हवाली असायची, म्हणून तिच्या खोडी मलाच जास्त ठाऊक. आता ती देशाकडून शंभर मीटर हर्डल पळते. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांना सांगते, वाटेत कमरेएवढे दहा अडथळे मांडलेले असतात आणि पोरी त्यांच्यावरून उड्या मारत जिवाच्या आकांतानं पळतात. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा म्हटलं, "अवं, वाटेत काऊन ठेवलं हे? कोणी उचलत काऊन नाई?" यावर ही आठवडाभर हसत होती. येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होती.

एकदा पेपरवाला आला. आमच्या फाट्यावरून मोहर्लीच्या जंगलात वाघ पाहायला सफारीच्या गाड्या जातात, त्यामुळे त्याला बातमीत वाघ पाहिजेच होता. "बाई, वाघाच्या भीतीनं पळायला शिकली का हो ती?" मी म्हटलं, "वाघ कुठला भाऊ, खराटा घेऊन मीच मागं असायची." त्यानं ते छापलं नाही.

पण गोष्ट खरी होती. धान कापून झालं की भारे खळ्यावर यायचे. ही सात-आठ वर्षांची असेल. भारे ओळीनं उभे करायची आणि एकेकावरून उडी मारत जायची. टाच लागली की लोंब्या झडायच्या. मी ओरडायची, "लक्ष्मीले पाय लावतेस, कार्टे!" पण ती काही थांबत नव्हती. मग मीच तडजोड केली. उड्या मार, पण पाय लागला तर तिथल्या तिथं हात लावून पाया पडायचं. झालं. पोर तशी गुणाची. उडी, टाच, नमस्कार. उडी, टाच, नमस्कार. मी खाटेवर बसून पाहायची आणि मनात म्हणायची, काय वळण लावलं आपण!

त्या वळणानं पुढं काय केलं ते ऐका.

तालुक्याला, जिल्ह्याला ती इतकी पुढं असायची, की वाटेत नमस्कार करून, अंगावर पदर असता तर तोही सावरून जिंकली असती. कुणाच्या ध्यानात काही आलं नाही. पुढं देशाच्या संघाच्या शिबिरात निवड झाली, दोनदा परदेशात गेली, आणि दोन्ही वेळा पहिल्याच फेरीतून परत आली. येताना मला चॉकलेट आणलं. मी म्हटलं, "चॉकलेट तं तालुक्यालेबी भेटते, त्याच्यासाठी इमानात कायले बसली?" ती हसली नाही, तेव्हा कळलं की आता चिडवायचं नाही.

तिसऱ्या वेळेच्या आधी तिच्या कोच मॅडम स्वतः घरी आल्या. शहरातली बाई, पण अंगणात पाट घेऊन बसली. मोबाइलवर तिची शर्यत अगदी हळू करून दाखवली. "बघा, पाचव्या हर्डलला पाय घासला. आता हात बघा."

मी पाहिलं. पोरीचा उजवा हात पळता पळता छातीला लागला आणि कपाळाकडं गेला.

"विचारलं तर म्हणते, मी काहीच करत नाही," मॅडम म्हणाल्या. "दोन हर्डलच्या मध्ये फक्त तीन पावलं असतात. हात वर गेला की ती मोडतात. यावेळी फायनल गाठली नाही तर शिबिरातून नाव जाईल. सव्वीस वर्षांची आहे, परत कोणी घेणार नाही."

माझा चहा हातातच राहिला. कबूल तर करावंच लागलं. खळं, भारे, लक्ष्मी, सगळं सांगितलं. हसावं की रडावं कळेना, अशा मॅडम बसल्या. मी विचारलं, "त्या हर्डलमध्ये धान तं नसते ना?"

"नाही हो."

"मंग सोडवतो आम्ही."

पोर चार दिवस घरी आली. अंगणात खाट आडवी करून कडेवर उभी केली. तिनं उडी मारली, पाय लागला, हात गेला. परत मारली, परत गेला. मी म्हटलं, "अवं, खाट काय लक्ष्मी हाय का?"

"मले समजते ना मोठीआई! पण हातच जाते. तूच लावली ना सवय?" आणि त्याच खाटेला टेकून बसली. "नाव कटलं तं मी काय करू? मले दुसरं येते काय?"

सोड म्हणून सुटत नाही ते कसं सोडवायचं? मग म्हटलं, "असं कर. पाया पडणं सोडूच नको. ते काम मले दे. तुहा पाय लागला की मी पडीन. तू पळ."

"इथून?"

"काऊन? लक्ष्मी तिकडंच राह्यते का?"

"अन् तू चहा पेत असशील तं?"

"त्या दिवशी चहा बंद."

मग आमचा सराव सुरू झाला. तिचा पाय लागला की मी हात जोडायची. पहिल्या दिवशी ती वळून वळून पाहायची, मी खरंच जोडते का. "माह्याकडं पाहू नको, समोर पाह्य!" चौथ्या दिवशी हात जागेवर राहिला.

शर्यत आमच्याकडच्या दुपारी होती. मोबाइल टोपल्याला टेकवून ठेवला. पोरी मुंग्यांएवढ्या दिसत होत्या. पहिल्या तिघी फायनलला जाणार होत्या. मी हात तयार ठेवून बसले. तिसऱ्या हर्डलला पाय लागला, हात जोडले. सहाव्याला जोडले, नवव्याला जोडले. शेजारीण म्हणाली, "बाई, तुम्ही शर्यत पाहून राह्यल्या का देव?" तेवढ्यात शर्यत संपलीसुद्धा. आमची तिसरी आली होती.

थोड्या वेळानं तिचा फोन आला. दम अजून लागलेलाच होता. "मोठीआई, किती वेळा पाया पडलीस?"

"तीनदा."

"माहा तं दोनदाच लागला!"

"मंग नवव्याला कोणाचा लागला?"

"बाजूच्या पोरीचा. ती दुसऱ्या देशाची हाय वो!"

"असू दे," मी म्हटलं. "तिच्या घरी कोणी हात जोडून बसलं हाय का नाई, आपल्याले काय मालूम?"

फायनलला ती सहावी आली. शिबिरातलं नाव राहिलं. मी मात्र त्या दिवशी आठही जणींसाठी बसले होते. कोणाचा पाय लागला ते मुंग्यांत ओळखू येईना, म्हणून दहाही हर्डलला हात जोडले आणि मगच चहा ठेवला.