बाबांचा जलव्यायाम
क्लोरीनचा वास आला की खामगावचा तरणतलाव आठवतो. आई गेल्यावर बाबांचे गुडघे धरले, म्हणून मी पुण्याहून आलो होतो. डॉक्टरांनी ‘जलव्यायाम’ सांगितला. “म्हणजे मले आता पोहनं शिका लागते काय?” बाबांनी विचारलं. “नाही बाबा, छातीभर पाण्यात नुसतं चालायचं.” जन्मभर धोतर नेसलेले बाबा अर्ध्या चड्डीत, संकोचून, हिरवट गार पाण्यात उतरले. चार पावलं चालून थांबले. “तू बी ये न पान्यात.” मी काठावर मोबाइल बघत होतो. “कपडे नाही आणले,” म्हणालो. ते एकटेच कडेकडेनं चालत राहिले. दुसऱ्या दिवशी म्हणाले, “बरे हायेत आता गुडघे. तू जाय तुह्या कामाले.” ते खोटं होतं हे मला तेव्हाही कळलं होतं, तरी दुपारच्या गाडीनं मी निघालो, हे आजही सलतं.