मुक्या बापाची भूमिका

पूर्व विदर्भातल्या वडसा गावी जुने प्रेक्षक अजूनही त्याला ‘तो मुका म्हातारा’ म्हणतात. तो मुका नव्हता. हे सांगायला मी फार उशीर केला.

ऐंशीच्या दशकातल्या एका हिवाळ्यात तो आमच्या झाडीपट्टी नाटक मंडळीच्या तालमीला येऊन बसू लागला. तरुणपणी त्याने मुंबईत मूकपटांत कामं केली होती. चहा हवा असला की रिकाम्या हातात जणू कप धरून अशी फुंकर घालायचा, की आपल्याला वाफ दिसावी. मूकपटांनंतर बोलपट आले. त्याची झाडी बोली ऐकून तिकडचे लोक हसले आणि त्याचं काम सुटलं.

“इथी माह्या बोलीले कोनी हासत नाई,” तो मला, दिग्दर्शकाला, म्हणाला. “एखादी भूमिका द्या ना, भाऊ.”

मी मोठ्या कौतुकाने त्याला मुक्या बापाची भूमिका दिली.

“बाबा, तुमचं पाठांतर वाचलं!” आमचा खलनायक ओरडला. सगळे हसले.

“इथीबी मुकाच काऊन, भाऊ?” त्याने हळूच विचारलं.

“तुमच्यावानी दुसऱ्या कोनाले जमन, बाबा?” मी म्हणालो.

प्रयोगात बायका पदर डोळ्यांना लावून रडल्या. शेवटी टाळ्या सुरू असताना तो टांगलेल्या माइकखाली आला, हात जोडले आणि तोंड उघडलं. मुका बोलला तर सगळा परिणाम जाईल, म्हणून मी घाईने पडदा पाडला.

पडद्यामागे तो तसाच उभा होता. काय बोलायचं होतं, हे मी तेव्हाही विचारलं नाही.