निघाल्याची वेळ

रिबेकाबाई पेशंटला आधी नाव विचारत नसत. "घरून किती वाजता निघालात?" हा त्यांचा पहिला प्रश्न. नवा माणूस गोंधळायचा. बाई शांतपणे वहीत ती वेळ लिहीत, मग नाव लिहीत, आणि जो सगळ्यात आधी घरून निघालेला असेल त्याला सगळ्यात आधी माझ्याकडे पाठवत.

पनवेलला एसटी स्टँडच्या मागे माझा डोळ्यांचा दवाखाना आहे. बाई एका शाळेच्या कचेरीतून निवृत्त होऊन माझ्याकडे नंबर लावायच्या कामाला आल्या. बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंचं घराणं, नवरा गेलेला, एकुलती एक लेक इस्रायलला. पहिलं वर्षभर त्याही सगळीकडे देतात तसेच नंबर देत. गावातले ओळखीचे लोक फोनवर नंबर लावत आणि येऊन पाच मिनिटांत आत जात. लांबून आलेले बाकावर बसून राहत. त्यात काही चुकतंय असं मला कधी वाटलं नाही.

मग एक दिवस उरणच्या कोळीवाड्यातून हिराबाई आल्या. मासा साफ करताना त्याचा काटा डोळ्यात गेला होता. नंबर लागला तेविसावा. दुपारपर्यंत त्या पदराने डोळा दाबून बसल्या आणि मग उठल्या. "बाय, होडी लागल आता. डोला काय, उद्या बी हाय," असं बाईंना म्हणाल्या आणि गेल्या. मासे उतरतात तेव्हा हजर नसलं तर त्या दिवशी विकायला काही मिळत नाही. उद्या म्हणता म्हणता पाच दिवस गेले. परत आल्या तेव्हा जखम चिघळली होती. डोळा वाचला, पण बुबुळावर पांढरं फूल पडलं ते कायमचं.

त्या दिवशी सकाळी हिराबाईंच्या आधी आत गेलेल्यांत चौघं नुसती चष्म्याची फ्रेम बदलायला आलेली होती. बाईंनी वही काढून मला ते दाखवलं. दुसऱ्या दिवसापासून त्यांचा नवा प्रश्न सुरू झाला.

लोक खोटं सांगतील, असं मी म्हणून पाहिलं. त्यावर त्या म्हणाल्या, "वेळ खोटी सांगता येते, डॉक्टर. एसटी कुठे बदलली ते विचारलं की अडखळतात." शेजारच्या गल्लीतले एक निवृत्त मास्तर रोज शेवटी राहू लागले आणि रुसले. तेव्हा बाईंनी लांबच्या तिघांमागे जवळचा एक असा नियम केला. मास्तर निवळले, वर्तमानपत्र घेऊन येऊ लागले.

खरी परीक्षा झाली ती द्रोणागिरीच्या एका गोदामवाल्या शेठच्या वेळी. त्यांच्या कामगारांच्या नेत्रतपासणीचं मोठं काम मला मिळायच्या बेतात होतं. ते स्वतःचे डोळे दाखवायला आले, तेव्हा बाईंनी त्यांना चौदावा नंबर दिला. आपल्या वेळेला किंमत आहे, असं ते जरा चढ्या आवाजात म्हणाले. बाईंचा आवाज चढला नाही.

"तुमचा तास गाडीत बसूनही कामाला येतो, शेठ. यांचा या बाकावर वाया जातो."

मी लगबगीने बाहेर आलो, शेठना आत घ्यायला. बाई उभ्या राहिल्या. "घ्या ना, दवाखाना तुमचा आहे. फक्त या मावशींना थांबायला तुम्ही स्वतः सांगा." मावशी पहाटे साडेचारला निघालेल्या, दोन एसट्या बदलून आलेल्या. त्या माझ्याकडे बघत होत्या, तक्रार न करता, थांबायची तयारी ठेवून. मी मावशींनाच आत घेतलं. काम दुसऱ्या डॉक्टरकडे गेलं. आठवडाभर मला चुटपुट लागून राहिली आणि बाईंनी ती मला खुशाल लागू दिली.

मागच्या वर्षी लेकीने त्यांना कायमचं बोलावून घेतलं. निघण्याआधी त्यांनी घरी मलिदा ठेवला, त्यांच्यातला देवाचे आभार मानायचा विधी. गोड पोहे, खोबरं, फळं, आणि त्याआधी प्रार्थना. अकराची वेळ होती. मी पोचलो पावणेबाराला. प्रार्थना आटोपली होती, माणसं जेवायला बसली होती.

"तुमच्यासाठी थांबलो नाही," बाई हसून म्हणाल्या, "पण ताट काढून ठेवलंय."

मी खात असताना त्या शेजारी येऊन बसल्या. म्हणाल्या, "नोकरीत होते म्हणून बोलले नाही. तुम्ही पाटीवर दहा लिहिता आणि साडेदहाला येता. बाहेर तीस माणसं असतात. त्यांचे मिळून पंधरा तास होतात." एवढं बोलून त्यांनी माझ्या ताटात आणखी मलिदा वाढला. घासाला चव तशीच होती, राग कुणाच्याच मनात नव्हता.

बाई गेल्या त्यानंतरच्या सोमवारी मी पावणेदहालाच दवाखान्यात पोचलो. इतक्या वर्षांत प्रथमच. वाटलं, आज सगळ्यांच्या आधी आलो. दार ढकललं, तर बाकावर सात माणसं बसली होती.