जेनेट मेटकाफची हरकत

जेनेट मेटकाफ कुणालाच फारशी आवडत नसे, आणि तिलाही त्याचं काही वाटत नसे. यॉर्कशरच्या डोंगरातल्या त्या खोऱ्यात ती मेंढ्या राखायची, लोकरीचे मोजे विणायची आणि नवरा कथबर्ट याच्याशी कामापुरतं बोलायची. इंग्लंडात पार्लमेंटनं राजाचं डोकं उडवलं, त्यानंतरच्या गोंधळात 'मित्र' म्हणवणारी मंडळी खोऱ्यात आली. देव ज्याच्या त्याच्या आत उजेड होऊन बसलाय, त्याला पाद्री लागत नाही आणि बोलणारा पुरुषच लागतो असंही नाही, हे त्यांचं म्हणणं. कुणापुढे टोपी काढायचे नाहीत, लहानथोर सगळ्यांना सरसकट 'तू' म्हणायचे. प्रार्थनेत कापायला लागायचे, म्हणून लोक त्यांना 'थरकापे' म्हणून हिणवत. जेनेट त्यांच्यात गेली ती गेलीच.

एका रविवारी चर्चमध्ये पाद्र्याचं प्रवचन संपलं आणि ती उभी राहिली.

"तू हे सगळं पाठ करून आलास," ती म्हणाली. "तुला स्वतःला काय कळलंय ते सांग."

पाद्री लालबुंद झाला. "मला 'तू' म्हणतेस? बायकांनी देवाच्या घरात तोंड बंद ठेवायचं असतं. संत पौलानं तसं बायबलात लिहून ठेवलंय."

"पौलाचं मला ठाऊक आहे. मी तुला विचारतेय."

"काढा हिला बाहेर," मागून कुणीतरी म्हणालं. "हिच्या नवऱ्याला आवरत नसेल तर आपण आवरू."

केस धरून ओढण्यात बायकाच पुढे होत्या.

पुढच्या बाजाराच्या दिवशी शिपायानं तिच्या डोक्यावर लोखंडी लगाम चढवला. पिंजऱ्यासारखा तो सांगाडा मागून कुलूपबंद करायचे, आणि त्याची एक पट्टी तोंडात शिरून जीभ दाबून धरायची. दोरीला धरून तिला बाजारभर फिरवलं. लोकांनी शेण मारलं, माशांची आतडी मारली. "बोल की आता, टवळे," पाववाली म्हणाली, "आज देवानं काही सांगितलं नाही वाटतं?" कथबर्ट लोकरीच्या ढिगापाशी उभा होता. जेनेटनं त्याला पाहिलं. त्यानं मान वळवली आणि कुणाचीतरी लोकर चाचपायला लागला.

घरी चिरलेल्या जिभेनं तिला ओटची भाकर गिळवेना. "आता तरी पुरे कर," कथबर्ट म्हणाला. तिनं मान हलवून नाही म्हटलं. तेव्हापासून तिचं बोलणं जाडसर झालं, शब्द नीट फुटायचे नाहीत, आणि पोरं रस्त्यानं तिची नक्कल करत मागे यायची. ती बोलायची थांबली नाही. दोनदा तुरुंगात गेली. नवा राजा आल्यावर छळ वाढला, तरी मित्रांच्या सभेला जायची ती जातच राहिली.

तिचे केस पिकेपर्यंत मित्रांची खोऱ्यात सभाघर बांधण्याइतकी ताकद झाली. जमीन अँब्रोज फॉदरगिलची. अँब्रोज कापडाचा व्यापारी. श्रद्धेपायी त्यानंही तुरुंगाची थंडी सोसली होती, आणि त्याच्या शब्दाला मान होता. दक्षिणेतल्या वडीलधाऱ्या मित्रांकडून निरोप आला की आता बायकांची वेगळी सभा असावी, आणि लग्न करू पाहणाऱ्यांनी आधी त्या सभेपुढे उभं राहावं. अँब्रोजला हे मुळीच रुचलं नाही. पण बायकांनी सभा सुरू केली, आणि पहिलंच लग्न आलं ते त्याच्या मुलाचं, रोलंडचं. मुलगी दुसऱ्या खोऱ्यातल्या श्रीमंत घरची होती.

रोलंड आला, टोपी डोक्यावर ठेवून उभा राहिला. कुणाची हरकत आहे का, असं विचारलं गेलं. बायका मांडीवरच्या हातांकडे बघत बसल्या. अँब्रोजच्या घरची मोलकरीण सिसली कुणामुळे गरोदर आहे, हे त्यांतल्या प्रत्येकीला माहीत होतं.

जेनेट उठली. "माझी आहे. सिसलीला तू काय वचन दिलंस?"

"कोण सिसली?" रोलंड म्हणाला.

"तुझ्या घरात भांडी घासते ती. पोट दिसायला लागलंय तिचं. हे लग्न आम्ही मान्य करत नाही."

संध्याकाळी अँब्रोज तिच्या दारात आला. "जेनेट, पोरगी खोटं बोलते. आणि खरं असलं तरी ते पुरुषांनी बघायचं. बायकांनी सभेत गप्प राहावं, हे पौलानं उगाच नाही लिहिलं."

"हे मला एका पाद्र्यानं सांगितलं होतं," जेनेट म्हणाली. "त्यानं निदान लगाम तरी आणवला. तू नुसताच आलास."

अँब्रोज पांढराफटक पडला. "आपण एका तुरुंगात होतो, बाई."

"होतो. म्हणून तर मला तुझी जास्त किळस येते."

दुसऱ्याच दिवशी त्यानं सिसलीला गाठोड्यासकट हाकललं आणि सभाघराला कुलूप ठोकलं. बायका बर्फात उभ्या राहिल्या. कथबर्ट आयुष्यात मित्रांच्या सभेला बसला नव्हता, तोही कुरकुरत आला. "मेंढ्या बाहेर काढतो," तो जेनेटला म्हणाला. "गोठ्यात बसा. मेंढ्या तुझ्यापेक्षा गप्प असतात, तेवढाच फरक पडेल." ती हसली नाही, पण त्या दिवसापासून बायकांची सभा गोठ्यात भरायला लागली.

रोलंडनं अखेर चर्चमध्ये, पाद्र्यासमोर लग्न केलं. ज्या पाद्र्यांच्या विरोधात बापानं तुरुंग भोगला, त्यांच्यापैकीच एकासमोर. तरी अँब्रोजबरोबर निम्मी घरं सभेतून फुटली, आणि दोष जेनेटवर आला. "म्हातारीनं एका मोलकरणीपायी मंडळी फोडली," असं तिच्या तोंडावर म्हणायला बायकाही कचरल्या नाहीत. अँब्रोज मरायला टेकला तेव्हा त्यानं तिला बोलावलं. ती गेली नाही. आजारी माणसाजवळ जाऊन खोटं गोड बोलणं तिला जमणार नव्हतं, एवढंच तिनं निरोप्याला सांगितलं.

हाकललेल्या सिसलीला जेनेटनं घरात घेतलं, तिथंच तिला मुलगी झाली. दोघी जेनेटच्या घरीच राहिल्या. जेनेट गेल्यावर कुणीतरी सिसलीला विचारलं, कशी होती गं म्हातारी?

"कजाग," सिसली म्हणाली. "पोटभर खायला द्यायची आणि रोज बोलून बोलून जीव नकोसा करायची. मला नाही आवडली कधी." मग लेकीच्या पायात मोजा चढवत म्हणाली, "पण त्या दिवशी खोलीभर बायका होत्या, आणि उठली ती एकटीच."