समाधीवरून गेलेला टेप

मोजणीचा टेप वडिलांच्या समाधीवरून फरफटत गेला, तेव्हा दोघा भावांपैकी एकानंही तो उचलून धरला नाही. त्या दिवसाचं मला तेच सगळ्यात नीट आठवतं.

बांधाच्या वादात कोर्टानं मोजणी लावली होती आणि शेजारचा शेतकरी म्हणून मी पंच होतो. सकाळपासून दोघं वीतभर जागेसाठी हमरीतुमरीवर येत होते. एक म्हणे, हद्दीचा दगड सरकवलाय. दुसरा म्हणे, बांध कोरलाय. मग रेघ नेमकी समाधीवर आली आणि दोघंही एकाएकी उदार झाले.

"साहेब, ती त्याच्याकडं धरा," धाकटा म्हणाला. "मला नांगर वळवताना आडवी येते."

"माझ्यात नको," थोरला म्हणाला. "बांधायची हौस त्यालाच होती."

मोजणीदार मान खाली घालून आकडे लिहीत राहिला. त्याला सवय असावी. मला मात्र शिसारी आली. ज्या माणसानं दगड वेचून वेचून हे रान केलं, त्याचीच चार फूट जागा आता दोघांना नको होती. जमिनीचं वेड मला कळतं, मलाही ते आहे. पण वेडालाही कुठंतरी लाज असते, अशी माझी समजूत होती.

दुपारी पंचनामा झाला. सही करायला त्या ढेकळांत सपाट जागा दिसेना. मी वाकलो, समाधीवरचा सुकलेला हार बाजूला सारला आणि तिथंच कागद ठेवून सही केली.