आदिलाबादची सातची गाडी

घाटंजीच्या एसटी स्टँडसमोर, रस्त्याच्या पलीकडच्या बाजूला सकाळी सातला आदिलाबादची ट्रॅव्हल्स लागायची. एका खासगी कंपनीची गाडी. कंपनी म्हणजे चार बस, एक टिनाचं ऑफिस आणि मालक. दोन बस घाटंजी-यवतमाळ अशा जवळच्या जवळ फिरत आणि दोन पांढरकवडा, पाटणबोरी करत पैनगंगेचा पूल ओलांडून तेलंगणात जात. मी पाटणबोरीच्या अलीकडच्या एका फाट्यावर उतरायची. तिथून दीड किलोमीटर आत माझी जिल्हा परिषदेची शाळा. नऊ वर्षं मी त्या गाडीनं गेले. आता बदली होऊन यवतमाळात आले आहे. स्कूटीवर दहा मिनिटांत शाळेत पोचते, आणि अजूनही वाटतं की दिवस नीट सुरूच झाला नाही.

ड्रायव्हर घाटंजीजवळच्या तांड्यातला, पन्नाशीचा बंजारा माणूस. घरी गोरबोली, गाडीत वऱ्हाडी. आपले पणजोबा बैलांच्या पाठीवर मीठ लादून याच बाजूनं जायचे, हे तो नव्या प्रवाशाला हमखास सांगायचा. कंडक्टर आदिलाबादचा, घरची भाषा तेलुगू. आमच्याशी तिकडच्या हिंदीत बोलायचा. एकाला मी दादा म्हणायची, दुसऱ्याला भाई. बारा वर्षं एका गाडीवर काढून दोघंही एकमेकांची भाषा पुरती शिकले नाहीत. ‘आपु’ म्हणजे थांब आणि ‘पोनी’ म्हणजे जाऊ दे, एवढं दादाला येत होतं आणि त्याच्यामुळे आम्हा सगळ्यांना. नदीपलीकडे कधी पाऊल न टाकलेल्या बायासुद्धा उतरायचं असलं की ‘आपु’ म्हणायच्या.

माझी जागा ठरलेली, बॉनेटच्या डाव्या बाजूची पहिली सीट. हिवाळ्यात तिथं पायांना ऊब लागायची. मला दिवस गेले तेव्हा दादानं त्या सीटवर घरून आणलेली गोधडी घडी करून टाकली आणि रस्त्यातला एकेक खड्डा असा काढला की पोटातलं पाणी हलू नये. एखाद्या दिवशी मला उशीर झाला तर तो गाडी सुरू ठेवून थांबायचा आणि मागचे लोक कुरकुरले तर म्हणायचा, शाळा उघडाची हाये बापा. पुढे मुलगी चार वर्षांची झाली तेव्हा तिला सांभाळायला घरी कोणी नव्हतं. मी तिला सोबत शाळेत न्यायला लागले. ती माझ्या मांडीवर बसून समोरच्या काचेतून येणारं सगळं मोजायची: बकऱ्या, ट्रॅक्टर, कापसाच्या बैलबंड्या.

त्याच वर्षी कधीतरी माझ्या लक्षात आलं की भाई मागच्या दाराशी उभा राहत नाही. तिकिटं झाली की तो पुढे येऊन दादाच्या खांद्याशी उभा राहायचा आणि सतत बोलायचा. समोर सायकलवाला चालला, पुढं रस्त्यात बैल आहेत, त्या वळणावर ट्रक उभा आहे. मला आधी वाटलं, वय वाढलं तसा माणूस बोलका झाला. पण दादाही बदलला होता. पूर्वी तो मला चौकातून येताना पाहूनच हॉर्न द्यायचा. आता मी पायरीवर चढले तरी म्हणायचा, कोण, मॅडम काय? ऊन डोळ्यावर आलं की मान तिरपी करून गाडी चालवायचा. एकदा फाट्याच्या बरीच पुढे गाडी गेली तेव्हा तो हसला आणि म्हणाला, आज ध्यान नव्हतं.

मला कळलं होतं, हे मी आज लपवत नाही. त्याला कमी दिसत होतं आणि भाई त्याचे डोळे झाला होता. मी बोलले नाही. कोणाला बोलणार होते? मालकाला सांगितलं असतं तर दादाचं स्टिअरिंग गेलं असतं. ज्याच्या गोधडीवर मी सात महिने बसले, त्याच्या हातचं काम मी काढून घ्यावं, हे मनाला पटेना. भाई आहे ना, असं म्हणून मी रोज मुलीला मांडीवर घेऊन बसत राहिले.

डिसेंबरात एका सकाळी पांढरकवड्याच्या अलीकडे दाट धुकं होतं. मागे एका म्हातारीला उलटी झाली म्हणून भाई तिच्याकडे गेला होता. समोर वळणावर कापूस भरलेली बंडी चालली होती. मला ती दिसली. मुलीलाही दिसली, तिनं बोट केलं. दादाचा पाय काही ब्रेकवर जाईना. मी काय ओरडले ते आठवत नाही. मागून भाईचा आवाज आला, ‘आपु, आपु!’ गाडी थांबली तेव्हा बंडीतला कापूस समोरच्या काचेला टेकला होता. बंडीवाला उडी टाकून बाजूला झाला होता. बैलांना काही झालं नाही, कोणाला खरचटलंही नाही. दादा खाली उतरला, बंडीवाल्याचे हात धरले आणि मग रस्त्यावर सांडलेला कापूस गोळा करत बसला. तो जमिनीवर हात फिरवून कापूस शोधत होता.

त्या संध्याकाळी परतल्यावर मी ऑफिसात मालकाशी पासाचं बोलायला गेले होते. दादानं बाहेरून माझा आवाज ऐकला असावा. दुसऱ्या दिवशी गाडीवर दुसरा ड्रायव्हर होता. दादा ऑफिसबाहेर बाकावर बसला होता. मी ‘नमस्कार दादा’ म्हटलं, त्यानं तोंड फिरवलं.

गाडीत भाई माझ्याशेजारी येऊन हळूच म्हणाला, “मॅडम, मालिक को मैं बोला. उसको लगता आप बोले.” त्याचे डोळे भरले होते. मग तो म्हणाला की हे दादाला सांगू नका, माझ्यावर रागावला तर त्याला दवाखान्यात कोण नेणार? मी मान हलवली. खरं सांगायचं तर मला ते सोपंच गेलं. न केलेल्या कामाचा राग सोसण्यात थोडा मोठेपणाही वाटत होता.

भाईनं त्याला आदिलाबादला नेलं. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता. आधी एका डोळ्याचं ऑपरेशन झालं, महिन्याभरानं दुसऱ्याचं. दोन्ही वेळा भाई दवाखान्यात त्याच्या खाटेजवळ सतरंजी टाकून झोपला.

उन्हाळ्याच्या तोंडाशी दादा बुकिंगच्या टेबलावर बसायला लागला, काळा चष्मा लावून. एका सकाळी त्यानं मला हाक मारली. मी मुलीला घेऊन गेले. मला वाटलं, आता तो माझी माफी मागेल. काय उत्तर द्यायचं तेही मी मनात जुळवलं होतं.

“भाईनं सांगतलं मले सगळं,” तो म्हणाला. “तुमी नोयत्या बोलल्या.”

मी म्हटलं, “राहू द्या दादा. झालं ते झालं.”

“पण तुमाले दिसून राह्यलं होतं न? मंग काहून नाही बोलल्या, मॅडम?” त्यानं चष्मा काढला आणि माझ्या मुलीकडे पाहिलं. “हे लेकरू बसत होतं गाडीत. मी तर आंधळा होतो. तुमी तं नोयत्या.”

तो रागावून बोलला नाही. हळू बोलला, म्हणून ते जास्त लागलं. सातची गाडी सुटत होती, भाई दारातून हाका मारत होता. मी जाऊन बसले आणि फाटा येईपर्यंत मुलीचा हात सोडला नाही.

दोन दिवसांनी मी पुन्हा टेबलाशी गेले आणि म्हटलं, चुकलं माझं. दादा म्हणाला, बसा, चहा सांगतो. एवढंच. नंतर त्याला कंपनीनं यवतमाळच्या जवळच्या फेरीवर घेतलं. तपासणी करून, कागद करून घेतलं. दोन वर्षं त्यानं ती गाडी चालवली.

पुढे प्रवासी घटले. ज्याच्या त्याच्या दारात दुचाकी आली, शेअरिंगच्या जीपगाड्या आल्या. आधी नदीपलीकडची फेरी बंद झाली, मग कंपनीनं उरलेल्या बसही विकल्या. भाई कायमचा आदिलाबादला गेला.

पण होळीला तो दरवर्षी तांड्यावर येतो. यंदा मलाही बोलावणं होतं. मी गेले. मुलगी आता कॉलेजात आहे, तीही आली. दादाच्या सुनेनं आम्हाला वाढलं. दोघं म्हातारे खाटेवर बसून घाटंजीपासून आदिलाबादपर्यंतचे थांबे ओळीनं म्हणत होते, एक मराठीत, एक त्याच्या हिंदीत. कोणत्या गावानंतर कोणतं, यावर त्यांचं जमत नव्हतं. मधला एक फाटा दोघंही विसरले. तो मी सांगितला. ते पुढे मोजत गेले आणि नदी आली तेव्हा दादा म्हणाला, पलीकडची फेरी तं बंदच झाली. मग भाई म्हणाला, “पोनी,” आणि पलीकडची गावं मोजायला लागला.